दोन श्रावणांच्या अलीकडे

ऑगस्टचा दुसरा आठवडा मी मोठ्या ऐटीत बुक केला आणि जेवायच्या टेबलावर बातमी जाहीर केली. स्कॉटलंडच्या पार उत्तरेला, जिथे नकाशावरचे रस्ते संपत येतात आणि निळे ठिपके वाढत जातात, तिथे एक दगडी कॉटेज. समोर समुद्राचा आत घुसलेला फाटा, मागे डोंगरातलं तळं. हरणं, गरुड, पाणमांजरं आणि मासे. मुख्य म्हणजे मासे!

"आई, तू फक्त तवा तापवायचा. पकडायचं काम माझं."

आईने हातातला भाकरीचा तुकडा ताटात ठेवला, उठली आणि फ्रिजशेजारी टांगलेल्या दिनदर्शिकेपाशी गेली. ही दिनदर्शिका ती पुण्याहून येताना लोणच्याच्या बरणीपेक्षा जास्त जपून आणते. पानं उलटली, चष्मा वर केला, खाली केला.

"अरे, तेव्हा श्रावण आहे."

"बरं, मग जुलैच्या शेवटी जाऊ. शाळा सुटली की लगेच."

"तेव्हाही श्रावण आहे."

"मग ऑगस्टच्या शेवटी."

"तेव्हाही. यंदा अधिक आलाय ना. दोन श्रावण आहेत."

माझी दहा वर्षांची लेक ताटातून मान वर करून म्हणाली, "बाय वन, गेट वन फ्री?"

बायको हसली नाही. तिने फक्त माझ्याकडे पाहिलं. लीड्सच्या एका मोठ्या हॉस्पिटलात ती लोकांचे एक्स-रे काढते, आणि घरी आल्यावरही ती नजर कधीकधी तिच्याबरोबर येते. "बुकिंग करायच्या आधी कुणाला विचारलंस?" एवढंच ती म्हणाली.

कुणालाच विचारलं नव्हतं. इंटरनेटवरून सुट्टी बुक करायची तेव्हा नवलाई होती. घरात नुकतंच ब्रॉडबँड आलं होतं आणि मी सॉफ्टवेअरवाला असल्यामुळे माऊसच्या एका टिचकीत कुटुंबाला रानावनात नेऊन सोडणं हे मला माझं कर्तव्यच वाटत होतं. हवामान तपासलं होतं, पेट्रोल पंप कुठेकुठे आहेत ते तपासलं होतं. ऑगस्ट हा मासे धरायला चांगला महिना आहे, हेही एका वेबसाइटवर वाचलं होतं. त्या वेबसाइटला माझी आई माहीत नव्हती. पण मला तर माहीत होती!

बाबांच्या मोठ्या आजारपणात आईने श्रावण धरला, आणि बाबा बरे होऊन पुढे चांगली वर्षं जगून गेले तरी तिने तो सोडला नाही. श्रावणात मासा नाही. एरवी मासा म्हणजे तिचा जीव की प्राण. ती मूळची दाभोळच्या खाडीकाठची, लग्न होऊन पुण्याला आली, आणि पुण्याच्या बाजारातल्या माशाकडे ती आयुष्यभर, दूरचा नातेवाईक फारच खंगलेला दिसावा तशी बघत आली. पण श्रावण लागला की ताटात वरणभात, आणि चेहऱ्यावर तक्रारीची रेघसुद्धा नाही.

इंग्लंडच्या शाळांची सुट्टी जुलैच्या शेवटी सुरू होते आणि सप्टेंबर उजाडताच संपते. एरवी त्यातला एखादा आठवडा तरी श्रावणाच्या अलीकडे-पलीकडे सापडला असता. पण त्या वर्षी दोन श्रावणांनी सुट्टीवर असं पांघरूण घातलं होतं की पायाचा अंगठाही बाहेर काढायला जागा नव्हती. आणि सप्टेंबरात आईचं परतीचं तिकीट.

"तुम्ही जा रे," आई म्हणाली. "मी काचेतून डोंगर बघेन. तिथे वरणभात मिळेलच की करून."

मी म्हटलं, "बघू," आणि विषय संपला असं समजलो. मासे आम्ही खाऊ, आई डोंगर बघेल, इतका काही अनर्थ नाही. तेव्हा मला वाटत होतं की प्रश्न खाण्याचा आहे.

त्यानंतरच्या शनिवारी मी मागच्या अंगणात माझा नवा रॉड जोडत बसलो होतो. ऑफिसातल्या एका यॉर्कशायरकराने मला मासेमारीचं वेड लावलं होतं. त्याच्या सल्ल्याने मी रॉड, रीळ, कमरेपर्यंतचे रबरी बूट, खिसेच खिसे असलेलं जॅकेट आणि पिसांच्या खोट्या माश्यांची एक डबी घेतली होती. डबीतल्या माश्या म्हणजे उडणाऱ्या माश्या, हे आईला पटवायला बराच वेळ लागला. "माशाला खोटं खायला घालायचं?" तिने विचारलं होतं. "पाहुण्याला कुणी प्लॅस्टिकचा लाडू देतं का?"

त्या सकाळी ती मागच्या पायरीवर गुडघा धरून बसली आणि माझी खटपट बघत राहिली. दोरा रिळातून निघून माझ्या बुटाला, बुटाच्या पट्ट्याला आणि कपड्यांच्या दोरीला गुंडाळला गेल्यावर तिने हात पुढे केला. "आण इकडे."

तिने दोऱ्याचं मोकळं टोक घेतलं, तर्जनीवरून टाकलं आणि बोट जरासं वाकवून ती गप्प बसली. तो दोरा कुठेच जात नव्हता. समोर गवत, शेजारणीचं कुंपण आणि त्यामागे विटांच्या घरांची रांग. पण आईचं बोट पाण्यावर होतं. मला ते स्पष्ट दिसलं.

"आम्ही गरवायला जायचो," ती म्हणाली.

"कोण आम्ही?"

"मी आणि माझे भाऊ. भरतीच्या पाण्याला, धक्क्यावर. गरीला कोळंबी लावायची आणि दोरा असा बोटावर ठेवायचा. काठी-बिठी काही नाही. मासा आधी विचारून बघतो, टक्‌ टक्‌. तेव्हा ओढायचं नाही. मग तो ठरवतो. मग ओढायचं." ती हसली. "शेंगाळे मिळायचे, बोय मिळायची. एकदा तांबोशी मिळाली होती मला, हातभर. भावांना नाही, मला."

माझ्या आईने मासे पकडले होते, हे मला तोवर माहीत नव्हतं. निवडलेले, कापलेले, खवललेले, मीठ-हळद लावलेले मासे मी तिच्या हातात जन्मभर पाहिले होते. त्या हातात गरी कधी नव्हती.

"मग सोडलं कधी?"

"परकर गेला, साडी आली. मोठ्या मुलींनी धक्क्यावर पाय सोडून बसायचं नसतं." दोरा तिने बोटावरून काढला आणि माझ्या हातात दिला. "राहून गेलं. तुझ्या त्या तळ्याकडे बघून उगाच वाटलं, एकदा हात लावून बघावा. असू दे."

गुडघ्याच्या ऑपरेशनबद्दल पुण्याच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं, आणि इतका लांबचा विमानप्रवास यापुढे नको असंही. म्हणजे आईला पाण्यात गरी टाकायची होती, आणि ती याच उन्हाळ्यात टाकता आली तर आली, नाहीतर राहूनच जाणार होती. मी ज्याला वाइल्डलाइफ अँड फिशिंग हॉलिडे म्हणत होतो, ती मला न कळताच दुसऱ्या कुणाची तरी निघाली होती.

मग माझी बुद्धी कामाला लागली. ती कामाला लागली की बायको शेजारच्या खोलीत जाते.

पहिली युक्ती: पकडायचा आणि सोडून द्यायचा. इथे ही मोठी सभ्य पद्धत मानली जाते. मी आईला समजावलं की खायचं नाही म्हटल्यावर श्रावण मोडायचा प्रश्नच येत नाही.

आई माझ्याकडे बघतच राहिली. "म्हणजे त्याच्या तोंडाला भोक पाडायचं, फोटो काढायचा आणि म्हणायचं, जा घरी?"

"असं नाही गं, अलगद..."

"अरे, भूक लागली म्हणून मासा पकडला तर देव समजून घेतो. गंमत म्हणून पकडला तर काय सांगायचं त्याला? आणि तेही श्रावणात!"

लेक लगेच आजीच्या बाजूने उभी राहिली. "आजी इज राइट. इट्स मीन, बाबा."

दुसरी युक्ती: पुण्याच्या काकांना फोन. आमच्या घराण्यात पंचांगावरचा अखेरचा शब्द काकांचा. त्यांनी घसा खाकरून निर्वाळा दिला की नेम खरा निज श्रावणातच पाळायचा असतो, अधिकाचं बंधन नाही, वहिनींना खुशाल मासे खाऊ द्या. मी आनंदाने फोन आईच्या कानाला लावला. आईने शांतपणे ऐकून घेतलं, "हो भाऊजी, हो भाऊजी" केलं, आणि फोन ठेवल्यावर म्हणाली, "यांना श्रावण सुरू झाल्याचं दर वर्षी बायको सांगते. मला नको दुसऱ्याच्या सोयीचा श्रावण. अधिकात तर जास्त पाळतात."

मी हात टेकले. तेव्हा बायको शेजारच्या खोलीतून बाहेर आली.

"महिना हलत नाही तर आठवडा हलव की," ती म्हणाली. "सुट्टीतच गेलं पाहिजे असं कुणी सांगितलंय? श्रावण लागायच्या आधी जाऊ. जुलैच्या पहिल्या आठवड्यात."

"शाळा?"

"विचार."

"तुझी ड्यूटी?"

"मी बघते."

"कॉटेज?"

"फोन कर. तोंड आहे ना?"

तोंड होतं, पण त्यातून काय काढायचं ते सुचत नव्हतं. कॉटेजच्या मालकीणबाई तिथल्याच वाडीत राहायच्या, आणि ईमेलवरून त्या करारी वाटायच्या. माझ्या आईचा एक महिना आहे ज्यात मासे चालत नाहीत, आणि यंदा तो दोनदा येतोय, हे इंग्रजीत म्हटल्यावर खोटं बोलतोय असं माझं मलाच वाटायला लागलं. मी 'फॅमिली रीझन्स' असं काहीतरी गुळमुळीत बोलायचं ठरवलं. बायको समोरच हाताची घडी घालून उभी होती. म्हणाली, "खरं सांग."

मी खरं सांगितलं. व्रत, श्रावण, अधिक, आई, खाडी, सगळं. 

"किती वर्षं पाळतात त्या?" बाईंनी विचारलं.

"मी कॉलेजात होतो तेव्हापासून."

"आणि कधी चुकल्या?"

"नाही."

"नाहीच चुकणार." जणू त्यांची आणि आईची जुनी ओळख असावी तसा आवाज. "असलं वचन मोडायला मी कुणालाही सांगणार नाही. जुलैच्या पहिल्या आठवड्यातलं एक कुटुंब कालच गळलंय. तो आठवडा तुमचा. पण एक गोष्ट. आमच्याकडे रविवार देवाचा, त्या दिवशी पाण्यात गळ पडत नाही. तळ्यात नाही, समुद्रात नाही. कपडेसुद्धा वाळत घालायचे नाहीत. चालेल?"

मी आईला मराठीत सांगितलं. आईने मान डोलावली. "चालेल म्हणावं. घरंदाज बाई दिसते."

माझ्या ओळखीतल्या इतक्या लोकांना मी श्रावण समजावून सांगितला होता. कुणी 'इंटरेस्टिंग' म्हणायचं, कुणी 'पण फिश ऑइलच्या गोळ्या चालतात का' असं विचारायचं. ज्या बाईला काहीच समजवावं लागलं नाही, ती निघाली स्कॉटलंडच्या टोकाला राहणारी, रविवारी धुणंसुद्धा वाळत न घालणारी.

राहिली शाळा. टर्म चालू असताना मुलांना सुट्टीवर नेणं म्हणजे इथे जवळजवळ गुन्हाच. परवानगी मुख्याध्यापिकेच्या हातात. आमच्या मुख्याध्यापिका प्रेमळ होत्या, पण हजेरीच्या बाबतीत त्यांचं प्रेम आटायचं. मी रात्रंदिवस भाषणाची तयारी केली. सांस्कृतिक वारसा, निसर्गशिक्षण, तीन पिढ्या, सगळे मुद्दे घेतले. ऑफिसच्या सवयीने स्लाइड्सही बनवल्या. बायकोने लॅपटॉप नेऊ दिला नाही म्हणून, नाहीतर नेलाही असता.

दरम्यान घरात दुसरंच काहीतरी चाललं होतं. लेकीला एक प्रश्न छळत होता: एकच महिना दोनदा कसा येतो? आजीला नियम माहीत होता, कारण माहीत नव्हतं. लेकीने लायब्ररीतून चंद्रावरचं पुस्तक आणलं. मग दोघी सोफ्यावर बसून, एकीची अर्धी मराठी आणि दुसरीची पाव इंग्रजी जोडून, आकाश सोडवायला लागल्या. तोवर त्यांचं बोलणं "जेवलीस का" आणि "यस आजी" यांच्या पलीकडे फारसं जात नसे. आता स्वयंपाकघरातून मला वेगळंच ऐकू येऊ लागलं.

"आजी, चंद्र फास्ट आहे. बारा राउंड संपते, पण सूर्य अजून नाय आली."

"मग?"

"मग चंद्र पुढे जाते, पुढे जाते..."

"आणि दिवाळी उन्हाळ्यात येईल की गं अशाने!"

"एक्झॅक्टली! म्हणून वेट करायचं. एक एक्स्ट्रा मंथ."

"अगं बाई," आई म्हणाली. "इतकी वर्षं पाळते मी, आणि हे मला कुणी सांगितलं नाही."

शाळेत जायच्या दिवशी लेक हट्टाने बरोबर आली. मी घसा साफ केला, 'हेरिटेज' या शब्दापर्यंत पोचलो, आणि मुख्याध्यापिकेने घड्याळाकडे पाहिलं. परवानगी देणं अवघड आहे, ऑगस्टमध्ये का जात नाही, असं त्यांनी नेमकं विचारलं. मी श्रावणाला हात घातला आणि अधिकापाशी अडखळलो. मला तो सांगताच येईना. मला तरी कुठे माहीत होता!

तेव्हा लेक खुर्चीतून पुढे सरकली. इंग्रजीत ती मराठीपेक्षा फार मोठी असते.

"मिस, मी आजीबरोबर दुकानातून घरी येते ना, तेव्हा मी भराभर पुढे जाते. आजीचा गुडघा दुखतो, ती हळू येते. म्हणून मी कोपऱ्यावर थांबते, ती येईपर्यंत. मग परत बरोबर चालतो. आमच्या कॅलेंडरमध्ये चंद्र म्हणजे मी आणि सूर्य म्हणजे आजी. अधिक महिना म्हणजे ते कोपऱ्यावर थांबणं."

 आणि दम न घेता ती पुढे म्हणाली, "यंदा नेमका श्रावणच थांबलाय. म्हणून आजी दोन महिने मासे पकडू शकत नाही. आणि नंतर ती घरी जाणार. तिने लहान असताना पकडले होते. मग तिला कुणी पकडू दिले नाहीत."

  आपल्या पोटच्या पोरीने आपल्यासमोर आपल्याहून मोठं व्हावं, आणि ते आपण लहान मुलांच्या बुटक्या खुर्चीत गुडघे हनुवटीला लावून बसून बघावं, यासारखं सुख नाही.

मुख्याध्यापिकेने परवानगी दिली. अट एकच, परत आल्यावर कोपऱ्यावरच्या चंद्राची गोष्ट सगळ्या शाळेला असेंब्लीत सांगायची. दाराशी त्या मला म्हणाल्या, "तुम्ही खूप छान समजावलंय तिला." मी "थँक यू" म्हणालो. बायकोला हे सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "निदान खोटं तरी नको होतं बोलायला."

तिने स्वतः हॉस्पिटलात ड्यूट्यांची अशी काही अदलाबदल केली होती की त्या बदल्यात ख्रिसमसचा आख्खा आठवडा ती कामावर जाणार होती. हे मला तिने नाही, तिच्या मैत्रिणीने नंतर सांगितलं.

निघालो. आईने आइसबॉक्समध्ये गोठवलेली कोळंबी भरून घेतली. लीड्सच्या सुपरमार्केटातली कोळंबी स्कॉटलंडच्या समुद्राला न्यायची म्हणजे उलटी गंगा, असं मी म्हटलं. "तुझ्या पिसांपेक्षा बरी," आई म्हणाली. प्रवास लांबचा. डोंगर उघडे होत गेले, झाडं बुटकी झाली, रस्ता एका गाडीपुरता उरला. दुर्बीण बायकोच्या गळ्यात. लग्नानंतर पहिल्यांदाच मला कळलं की तिला पक्षी ओळखता येतात. समोरून गाडी आली की आम्ही बाजूच्या जागेत थांबायचो आणि येणारा हात वर करायचा. आई प्रत्येकाला मागच्या सीटवरून नमस्कार करायची.

शनिवारी संध्याकाळी पोचलो. कॉटेजच्या पायरीवरून तो समुद्राचा फाटा दिसला. दोन्हीकडे डोंगर, मधे शांत हिरवं पाणी, दगडी धक्का, धक्क्याला शेवाळ. आई पायरीवरच थांबली.

"ही तर खाडीच आहे," ती म्हणाली.

दुसरा दिवस रविवार. पाण्यात गळ नाही. चर्चहून परतताना मालकीणबाई दाराशी आल्या, काळा कोट, काळी हॅट. आई नऊवारी नाही पण पाचवारीवर माझं पावसाळी जॅकेट घालून उभी. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती. त्यांनी एकमेकींचे हात हातात घेतले आणि दोघींनीही माझ्याकडे असं पाहिलं की यात तुझं काही काम नाही. दुपारी खडकांवर पाणमांजर दिसलं. उताणं पडून पोटावर खेकडा फोडत होतं. लेक श्वास रोखून बघत होती. आई म्हणाली, "बघ, याला रविवार लागू नाही."

तिसरा दिवस सोमवार. मी सकाळीच रॉड सरसावला.

"सोमवारी मी मासे खात नाही, विसरलास?" आई म्हणाली.

विसरलो होतो. आठवडाभराच्या सुट्टीचे पहिले दोन दिवस देवांनी आपापसात वाटून घेतले होते. मी एकटाच डोंगरातल्या तळ्यावर गेलो, कमरेपर्यंत पाण्यात उभा राहिलो, आणि पिसांच्या माशीने गवत, बुटकी झुडपं आणि माझी टोपी पकडली. इथले बारीक डास थव्याने येतात. त्यांना मात्र खरी शिकार मिळाली. माझा चेहरा सुजून आल्याचं बघून लेकीने फोटो काढला, तो अजून फ्रिजवर आहे.

मंगळवारी पाऊस आणि वारा. धक्क्याच्या पायऱ्या बुळबुळीत झालेल्या. मी दहा वेळा वरखाली जाऊन बघून आलो आणि निर्णय दिला. "आई, तू गाडीत बस. काच खाली करू. मी दोरा टाकतो आणि टोक तुझ्या हातात देतो."

आई गाडीच्या दारावर हात ठेवून पाण्याकडे बघत उभी राहिली. तिचा चेहरा मला ओळखीचा होता. श्रावणात ताटावर बसताना जो असतो तोच. तक्रार नसलेला.

बायको माझ्याजवळ आली. "मोठ्या मुलींनी धक्क्यावर बसायचं नसतं, असंच ना?" ती हळूच म्हणाली. "त्यांना धर. अडवू नकोस."

मग मी माझे रबरी बूट आईला घातले. पाचवारी त्यात मावली, त्यात अजून एक पाचवारी मावली असती. लेकीने आजीला स्वतःचं लाइफ जॅकेट चढवलं. एका बाजूने मी, एका बाजूने बायको, पुढे लेक उलटं चालत, "आजी, स्टेप, आजी, स्टेप," अशी वरात पायऱ्या उतरली. खालच्या दगडावर दुमडलेलं ब्लँकेट टाकलं. आई त्यावर बसली आणि तिने पाय पाण्यावर सोडले.

गावातल्या एकुलत्या एक दुकानातून आणलेला हातदोरा तिने उलगडला, गरीला कोळंबी लावली. वाऱ्याचा अंदाज घेऊन दोऱ्याच्या टोकाचं शिशाचं वजन लांब फेकलं आणि दोरा तर्जनीवर टाकून बोट वाकवलं. मग ती आमच्यात नव्हती.

पहिली कोळंबी कुणीतरी नुसतीच खाऊन गेलं. आई हसली. "हुशार आहे." दुसरीही गेली. पाऊस अंगावर येत होता, मी छत्री धरायला गेलो तर "हलू नकोस" असा दरडावलेला आवाज आला. तो आवाज मी लहानपणानंतर ऐकला नव्हता. वर धक्क्यावर दोन म्हातारे कोळी येऊन उभे राहिले होते. मालकीणबाईही होत्या.

आईचं बोट जरासं हललं. मी म्हणालो, "ओढ!"

"विचारतोय अजून," आई म्हणाली.

आम्ही सगळे थांबलो. आणि मग तिने हात असा झटकन वर नेला, जसा सत्तरीची बाई नेत नाही, आणि हातावर हात टाकत दोरा आत घेतला. पाण्यातून चकचकीत, हिरव्या-निळ्या पट्ट्यांचा, शेपटीने पाऊस उडवणारा मासा वर आला.

"बांगडा!" आई ओरडली. "अरे, गोरा बांगडा!"

त्यानंतर मी काय केलं ते मला नीट आठवत नाही. लेक सांगते की मी धक्क्यावर उड्या मारत होतो, आणि त्या दोन म्हाताऱ्यांना, मालकीणबाईंना आणि समोरच्या डोंगरांना मराठीत ओरडून सांगत होतो, "माझी आई आहे ती! माझी आई!" म्हाताऱ्यांना मराठी येत नव्हती. त्यांनी टोप्या काढल्या.

त्या दिवशी आईने अजून तीन बांगडे काढले. एक लेकीच्या हाताने काढवला, तिचं बोट आपल्या बोटावर ठेवून. एक मालकीणबाईंना दिला. बाकीचे तळले. कॉटेजभर असा वास सुटला की दारात शेजारची दोन मांजरं येऊन बसली. मी माझ्या रॉडने तो आख्खा आठवडा एकही मासा पकडला नाही, हे लिहून ठेवायला मला काहीच कमीपणा वाटत नाही. ज्याची आई असा दोरा ओढते आणि लेक असा चंद्र समजावते, त्याने स्वतः काही पकडायची गरज काय?

जेवणं झाल्यावर आई आणि लेक खिडकीशी बसून पाणमांजराची वाट बघत होत्या. मी भांडी घासत होतो, बायको पुसत होती. ती एकाएकी थांबली.

"मासा वर आला ना, तेव्हा सगळे आईंकडे बघत होते. मी तुझ्याकडे बघत होते. तू लहानपणी कसा दिसत असशील ते आज कळलं मला."

 तिने पुसलेली ताटली जागेवर ठेवली.

"आता उद्या तो रॉड काढू नकोस," ती म्हणाली. "पकडणाऱ्यांना पकडू दे. तू आपला शेजारी उभा राहून ओरड. ते तुला फार छान जमतं."